नामिबियाच्या नकाशाला शेपूट का आहे? देशांची माहिती लक्षात ठेवायची असेल तर सीमा वाचायला शिकवा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलगा आठवीत आहे, आंतरशालेय प्रश्नमंजूषेसाठी देश, राजधान्या, चलनं, झेंडे पाठ करतो आणि पंधरवड्यात निम्मं विसरतो. परवा त्याने नकाशात नामिबियाच्या ईशान्य कोपऱ्यातून निघालेली लांबच लांब पट्टी दाखवून "हे असं का?" विचारलं आणि घरात कुणालाच सांगता आलं नाही. जगाचा इतिहास-भूगोल मनात टिकेल असा कसा शिकवावा?

मी बरीच वर्षं भूगोल शिकवला, स्पर्धांसाठी प्रश्नही काढले. माझ्या मते तुमच्या मुलाला अभ्यासाची वाट सापडलेली आहे, तुम्ही फक्त ती बंद करू नका. राजधान्यांच्या याद्या आठवडाभर बाजूला ठेवा आणि त्याच्याबरोबर नकाशातल्या वाकड्या सीमा शोधा. प्रत्येक विचित्र सीमेला दोन प्रश्न विचारायचे. ही रेषा काढणाऱ्याला कुठे पोहोचायचं होतं? आणि कोणाला कोणापासून लांब ठेवायचं होतं? बहुतेक सीमा या दोन प्रश्नांना उत्तर देतात. ज्या देत नाहीत त्यांचं तिसरं घराणं आहे, त्याबद्दल पुढे सांगतो.

आधी त्या शेपटीचं बोलू. तिचं नाव काप्रिवी पट्टी. लांबी सुमारे ४५० किलोमीटर आणि मधल्या भागात रुंदी जेमतेम ३२ किलोमीटर. हा ३२ चा आकडा निसर्गाने दिलेला नाही. १ जुलै १८९० रोजी ब्रिटन आणि जर्मनी यांच्यात करार झाला, त्यात लिहिलं होतं की ही पट्टी कुठेही वीस इंग्रजी मैलांपेक्षा अरुंद असता कामा नये. वीस मैल म्हणजे ३२ किलोमीटर. बर्लिन आणि लंडनमध्ये बसलेल्या माणसांनी लिहिलेलं ते वाक्य आजही अॅटलासमध्ये पट्टीने मोजता येतं. मुलाला खरंच मोजायला लावा. नकाशाचं प्रमाण म्हणजे काय, तेही त्यात शिकून होतं.

जर्मनीला ही पट्टी कशाला हवी होती? तेव्हा तिच्याकडे आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर आजचा नामिबिया होता आणि पूर्व किनाऱ्यावर आजच्या टांझानियाचा मुख्य भूभाग. पट्टीमुळे पश्चिमेकडच्या वसाहतीला झांबेझी नदीपर्यंत वाट मिळत होती आणि झांबेझी पुढे हिंदी महासागराला मिळते. त्याच करारात ब्रिटनने उत्तर समुद्रातलं हेलिगोलँड हे बेट जर्मनीला दिलं. दोन चौरस किलोमीटरही न भरणारं हे बेट एल्ब नदीच्या मुखासमोर आहे, आणि जर्मनी त्या काळात बाल्टिक समुद्राला एल्बच्या मुखाशी जोडणारा कील कालवा खोदत होती. बदल्यात जर्मनीने झांजिबारवरचं ब्रिटिश संरक्षण मान्य केलं. पट्टीला नाव पडलं ते लिओ फॉन काप्रिवी या जर्मन चॅन्सेलरचं. बिस्मार्क पायउतार झाल्यावर त्याच वर्षी मार्चमध्ये तो त्या पदावर आला होता.

आता नकाशात पट्टीच्या पूर्व टोकावर बोट ठेवा आणि झांबेझीच्या प्रवाहाबरोबर खाली सरका. सत्तरएक किलोमीटरवर व्हिक्टोरिया धबधबा लागतो. १०८ मीटर उंच, सतराशे मीटर रुंद. तिथून जहाज जाणार कसं? आणि हा धबधबा युरोपला १८९० मध्ये नवीन नव्हता. डेव्हिड लिव्हिंग्स्टन या स्कॉटिश प्रवाशाने तो १८५५ मध्ये पाहिला होता. त्यानंतर १८५८ च्या मोहिमेत त्याची बोट मोझांबिकमधल्या काहोरा बासाच्या खळाळांपाशी अडली होती. म्हणजे झांबेझीतून समुद्रापर्यंत सलग जहाज जात नाही, हे करारावर सह्या होण्याच्या तीस वर्षं आधी माहीत झालेलं होतं. तरीही सह्या झाल्या, कारण मुख्य सौदा हेलिगोलँड आणि झांजिबारचा होता. पट्टीत राहणारी माणसं त्या टेबलावर कुठेच नव्हती.

पुढचा इतिहास मी मुलांना आवर्जून सांगतो, कारण वसाहती गेल्या तरी रेषा राहते आणि माणसांच्या वाट्याला येत राहते. पट्टीच्या दक्षिणेला चोबे नदी आहे. तिच्यात साडेतीन चौरस किलोमीटरचं एक बेट आहे. नामिबियात त्याला कासिकिली म्हणतात, बोत्स्वानात सेडुडू. १८९० च्या करारात सीमा "मुख्य प्रवाहाच्या मध्यातून" जाते असं म्हटलेलं होतं, पण बेटाच्या दोन बाजूंपैकी मुख्य प्रवाह कोणता, हे कुणी सांगितलं नव्हतं. हा वाद हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला आणि डिसेंबर १९९९ मध्ये बेट बोत्स्वानाचं ठरलं. दोन स्वतंत्र आफ्रिकी देश एकशे नऊ वर्षांपूर्वीच्या युरोपीय करारातला एक शब्दप्रयोग घेऊन न्यायालयात उभे होते. २०१३ मध्ये नामिबियाने या प्रदेशाचं नाव बदलून झांबेझी केलं. प्रश्नमंजूषेत दोन्ही नावं विचारली जातात, दोन्ही माहीत असू द्या.

याच टोकाला काझुंगुला नावाचं ठिकाण आहे. तिथे नामिबिया, बोत्स्वाना, झांबिया आणि झिम्बाब्वे हे चार देश जवळजवळ एका बिंदूत येतात. जवळजवळ म्हणतो, कारण बोत्स्वाना आणि झांबिया यांची सामाईक सीमा सुमारे दीडशे मीटरची आहे, आणि तेवढ्या जागेमुळे चार देशांचा एक बिंदू होत नाही. पूर्वी मालाचे ट्रक तराफ्याने नदी ओलांडायचे, त्यासाठी रांगेत दिवसेंदिवस थांबायचे. मे २०२१ मध्ये तिथे ९२३ मीटर लांबीचा पूल झाला. फोटोत पाहिलात तर पूल सरळ नाही, वळण घेऊन जातो. झिम्बाब्वेची हद्द टाळायची म्हणून त्याला बाक द्यावा लागला.

एका शेपटीतून किती गोष्टी आल्या बघा: एक तह, दोन नद्या, एक धबधबा, एक चॅन्सेलर, एक न्यायालयीन निकाल, एक पूल आणि सहा-सात देश. यातलं काहीही वेगळं पाठ करावं लागलं नाही.

"कुठे पोहोचायचं होतं" या पहिल्या घराण्यातला दुसरा मोठा नमुना गांबिया. सेनेगलच्या पोटात शिरलेली ही पट्टी आफ्रिकेच्या मुख्य भूमीवरचा सर्वांत लहान देश आहे. कारण समोरच दिसतं: मधून गांबिया नदी वाहते. या नदीतून समुद्री जहाजं बरीच आत जाऊ शकतात, ब्रिटिश व्यापाऱ्यांना ती हवी होती, आणि आजूबाजूचा सगळा मुलूख फ्रेंचांकडे होता. १८८९ च्या करारात नदीच्या दोन्ही तीरांपासून साधारण दहा-दहा किलोमीटर ब्रिटनचे, बाकी फ्रान्सचे असं ठरलं. नदीच्या वळणांवर तर कंपासने कमानी काढल्या. मोठ्या नकाशात त्या अजून स्पष्ट दिसतात.

पण गांबिया हा शब्द आला की मला एका दुर्घटनेबद्दल बोलावंसं वाटतं, आणि आठवीतल्या मुलाला ती सांगायला हरकत नाही. या पट्टीमुळे सेनेगलचा दक्षिण भाग, कासामान्स, राजधानी डाकारपासून तुटतो. रस्त्याने जायचं तर परक्या देशातून जायचं आणि नदीवर फेरीबोटीची वाट पाहायची. म्हणून अनेक लोक झिगिंशोर ते डाकार हा प्रवास समुद्रातून करायचे. २६ सप्टेंबर २००२ च्या रात्री त्या मार्गावरची 'जूला' ही बोट गांबियाच्या किनाऱ्याजवळ वादळात उलटली. सहाशेहून कमी प्रवाशांसाठी बांधलेल्या बोटीत कितीतरी पट माणसं होती. अठराशेंहून अधिक लोक गेले. टायटॅनिकच्या मृतांपेक्षा हा आकडा मोठा आहे, आणि तरी आपल्याकडे जूलाचं नाव फार कमी जणांनी ऐकलं आहे. जहाजात क्षमतेपेक्षा जास्त माणसं भरणं हा थेट दोष होता. पण इतकी माणसं समुद्राच्या वाटेने का जात होती, याचं उत्तर शोधताना १८८९ ची ती रेषा वगळता येत नाही. नदीवर पूल झाला तो जानेवारी २०१९ मध्ये.

दुसऱ्या घराण्याचे, म्हणजे "कोणाला कोणापासून लांब ठेवायचं" या प्रश्नाचे, दोन नमुने पुरेत. अफगाणिस्तानचा वाखान हा चिंचोळा हात ईशान्येकडे चीनपर्यंत लांबतो. एकोणिसाव्या शतकात रशिया मध्य आशियातून दक्षिणेला सरकत होता आणि ब्रिटिशांचं राज्य हिंदुस्थानातून उत्तरेला. दोन्ही साम्राज्यांच्या सीमा एकमेकींना चिकटू नयेत म्हणून १८९५ मध्ये मधली ही पट्टी अफगाणिस्तानच्या पदरात ठेवली गेली. उत्तरेला आज ताजिकिस्तान आहे, दक्षिणेला गिलगिट-बाल्टिस्तान आणि चित्रालचा भाग. पट्टीच्या टोकाला चीनशी सुमारे ७६ किलोमीटरची सीमा आहे, आणि ती ओलांडली की घड्याळ साडेतीन तास पुढे करावं लागतं. संपूर्ण चीनमध्ये बीजिंगचीच वेळ चालते म्हणून हे असं होतं. जमिनीवरच्या सीमेवर घड्याळात एवढी उडी दुसरीकडे कुठेही नाही. स्पर्धेत हा प्रश्न फार आवडीने विचारला जातो.

दुसरा नमुना युरोपातला. क्रोएशियाचा लांब किनारा एका ठिकाणी तुटतो आणि तिथे बोस्निया-हर्झगोव्हिना समुद्राला टेकतो. किनारा वीसएक किलोमीटरचा, गाव नेउम. हे १६९९ च्या कार्लोवित्झ तहाचं देणं आहे. दुब्रोव्हनिक तेव्हा स्वतंत्र व्यापारी प्रजासत्ताक होतं आणि त्याला शेजारच्या व्हेनिसची धास्ती होती. व्हेनिसची हद्द आपल्याला भिडू नये म्हणून त्याने आपल्या जमिनीची एक फाळ मध्ये ऑटोमन तुर्कांकडे जाऊ दिली. ते प्रजासत्ताक १८०८ मध्ये संपलं, व्हेनिस त्याच्याही आधी संपलं होतं, तुर्क गेले, युगोस्लाव्हिया आला आणि गेला. फाळ मात्र तिथेच आहे. दुब्रोव्हनिकला जाणाऱ्या क्रोएशियन माणसाला आपल्याच देशात जायला दोनदा सीमा ओलांडावी लागायची. ती कटकट जुलै २०२२ मध्ये समुद्रावरून बांधलेल्या पेल्येशात्स पुलाने संपवली.

तिसऱ्या घराण्यावर मी शिकवताना सर्वांत जास्त वेळ देतो. मराठी मुलांना ते जवळून समजू शकतं. इथे कुणाला कुठे पोहोचायचं नव्हतं आणि कुणाला अडवायचंही नव्हतं. देशांच्या आधुनिक सीमा येण्याआधी महसुलाचे हक्क गावोगावी विखुरलेले होते. एका गावाचा सारा एका सरदाराकडे, शेजारच्या गावाचा दुसऱ्याकडे. पुढे राष्ट्रं तयार झाली आणि महसुलाच्या त्या ठिगळांवर सार्वभौमत्वाचे शिक्के बसले.

नेदरलँड्समधलं बार्ले हे याचं प्रसिद्ध उदाहरण. बाराव्या शतकाच्या अखेरीस ब्राबांटचा ड्यूक आणि ब्रेडाचा सरदार यांच्यात जमिनी वाटल्या गेल्या, त्यातून आज डच भूमीत बेल्जियमचे २२ तुकडे आहेत, आणि त्या तुकड्यांच्या आत पुन्हा नेदरलँड्सचे ७ तुकडे. सीमा घरांमधून जाते. घराचं पुढचं दार ज्या देशात, ते घर त्या देशाचं, असा तिथला रिवाज आहे. पहिल्या महायुद्धात जर्मनीने जवळजवळ सगळा बेल्जियम व्यापला, पण बार्लेतले तुकडे तटस्थ नेदरलँड्सच्या पोटात असल्यामुळे जर्मन सैन्याला तिथे पोहोचता आलं नाही.

भारत आणि बांगलादेश यांच्या सीमेवर कूचबिहारजवळ हाच प्रकार कितीतरी मोठा होता. बांगलादेशात भारताचे १११ तुकडे आणि भारतात बांगलादेशाचे ५१. तिथे त्यांना छीटमहल म्हणत. दहाला खग्राबाडी नावाचं पावणेदोन एकरांचं एक शेत भारताचं होतं. ते बांगलादेशी गावाच्या आत, ते गाव भारतीय गावाच्या आत, आणि ते पुन्हा बांगलादेशाच्या आत. जगात असं हे एकच ठिकाण होतं. या तुकड्यांतल्या माणसांना शाळा, दवाखाना, वीज यांपैकी काहीही हक्काने मिळत नव्हतं. स्वतःच्या देशात जायचं तर आधी बेकायदा परक्या देशात पाऊल ठेवावं लागे. १९७४ मध्ये इंदिरा गांधी आणि शेख मुजीब यांनी करार केला, पण भारताच्या राज्यघटनेत शंभरावी दुरुस्ती होऊन अदलाबदल प्रत्यक्षात आली ती ३१ जुलै २०१५ च्या मध्यरात्री. चाळीस वर्षं गेली. तेव्हा पन्नास हजारांहून अधिक लोक या तुकड्यांत राहत होते.

आणि आपल्या दारातलं उदाहरण म्हणजे दादरा आणि नगर हवेली. १७७९ मध्ये पेशवे आणि पोर्तुगीज यांच्यात पुण्याचा तह झाला. त्यानुसार आणि १७८३ व १७८५ च्या सनदांनुसार वर्षाला बारा हजार रुपये उत्पन्नाची गावं पोर्तुगीजांना लावून दिली गेली. पुढे मराठेशाही गेली, इंग्रज आले, आणि इंग्रजांनी त्या गावांवरची पोर्तुगीज सत्ता न बोलता मान्य केली. १९४७ नंतर ही गावं भारताच्या भूमीने वेढलेली पोर्तुगीज बेटं झाली, किनाऱ्यावरच्या दमणपासून तुटलेली. १९५४ च्या जुलै-ऑगस्टमध्ये स्वयंसेवकांनी ती मुक्त केली. संगीतकार सुधीर फडके त्या लढ्यात प्रत्यक्ष होते.

पोर्तुगाल १९५५ मध्ये हेगला गेला. त्याचं म्हणणं, दमणहून या गावांपर्यंत जायचा आमचा हक्क भारताने अडवला. एप्रिल १९६० मध्ये निकाल लागला. न्यायालयाने म्हटलं की मराठ्यांनी दिला तो फक्त महसुलाचा हक्क होता, सरंजाम म्हणून, आणि त्यात सार्वभौमत्व दिलेलं नव्हतं. मात्र ब्रिटिश काळातल्या दीर्घ वहिवाटीमुळे खासगी माणसं, मुलकी अधिकारी आणि माल यांना वाट मिळण्याचा हक्क पोर्तुगालला होता. सैन्य, पोलीस आणि शस्त्रं यांच्यासाठी तो नव्हता, हा मुद्दा आठ विरुद्ध सात मतांनी ठरला. आणि भारताने १९५४ मध्ये या हक्काचं उल्लंघन केलेलं नाही, हे नऊ विरुद्ध सहा मतांनी. पेशव्यांच्या दप्तरातल्या सनदा जागतिक न्यायालयात वाचल्या गेल्याचं हे प्रकरण माझ्या मते शालेय पाठ्यपुस्तकात असायला हवं. मुलाला हे सांगितलंत तर बार्ले आणि छीटमहल त्याला वेगळे समजावून सांगावे लागणार नाहीत.

इथे एक सावधगिरीची सूचना. माहितीच्या याद्यांमध्ये विचित्र सीमांच्या गमतीदार कथा असतात. ब्रिटिश जहाजाने दोन्ही तीरांवर तोफ डागली, गोळा जिथवर गेला तिथवर गांबिया. कूचबिहारचा राजा आणि रंगपूरचा फौजदार बुद्धिबळात गावं पणाला लावत. जॉर्डनची सौदी अरेबियाकडची नागमोडी सीमा काढताना चर्चिलला उचकी लागली. या तिन्ही कथा मी प्रश्नपत्रिकेत येऊ देत नाही. कूचबिहारचे तुकडे अठराव्या शतकाच्या सुरुवातीच्या मुघल-कूचबिहार तहातून आले. जॉर्डनच्या सीमेमागे १९२५ चा हद्दा करार आहे: वादी सिरहान हे खोरं नज्दचा, म्हणजे आजच्या सौदी अरेबियातल्या मधल्या प्रदेशाचा, सुलतान इब्न सौद याच्याकडे गेलं, आणि ट्रान्सजॉर्डन व इराक यांना जोडणारी पट्टी ब्रिटनने आपल्या हाती ठेवली, म्हणजे नज्दची हद्द सीरियाला भिडली नाही. पुन्हा पाहा, आपला दुसराच प्रश्न. अशा कथा ऐकल्या की सीमा एखाद्याच्या लहरीने पडल्या असं वाटतं. वास्तविक त्यामागे हिशेब होता, आणि हिशेब कळला की तारीखही लक्षात राहते.

आता तुमच्यासाठी कृती. जगाचा कोरा राजकीय नकाशा घ्या. रोज मुलाने स्वतः एक खटकणारी सीमा निवडायची, दोन प्रश्न विचारायचे, आधी अंदाज वहीत लिहायचा आणि मग संदर्भ शोधायचा. अंदाज आधी लिहिणं महत्त्वाचं आहे. चुकीचा निघाला तरी पुसू देऊ नका. राजधानी, चलन, भाषा हे सगळं त्याच पानावर, त्या गोष्टीच्या शेजारी नोंदवायचं. बांजुल हे गांबिया नदीच्या मुखाशी आहे हे दिसलं की ते वेगळं पाठ करायला नको. आणि बोलिव्हियासाठी १८७९ च्या आधीचा नकाशा आणि आजचा नकाशा शेजारी ठेवा. चिलीशी झालेल्या युद्धात किनारा गेला, तरी बोलिव्हियाचं नौदल आजही तितिकाका सरोवरात आहे, आणि समुद्रवाटेसाठी चिलीला वाटाघाटींना बसवण्याचा त्याचा दावा हेगच्या न्यायालयाने ऑक्टोबर २०१८ मध्ये फेटाळला.

सुरुवात ब्रुनेईपासून करा. देश अगदी लहान, पण दोन वेगळ्या तुकड्यांत, मध्ये मलेशियाचं लिंबांग खोरं. सारावाकचा राजा चार्ल्स ब्रूक याने ते १८९० मध्ये घेतलं. २०२० मध्ये ब्रुनेईने आखातावरून तीस किलोमीटरचा पूल बांधून दोन तुकडे जोडले. लिंबांगमध्ये ब्रूकला काय हवं होतं, हे मी इथे लिहीत नाही. नदी कुठे वाहते ते पाहून मुलाला आधी स्वतः सांगू द्या.